नदीवरचा लाल रस्ता

पणजीच्या मांडवीकाठी संध्याकाळी पर्यटकांची गर्दी उसळते. बोटींवर दिवे लागतात, ढोल वाजू लागतात, फोटो काढले जातात. त्याच पाण्यातून, कुणाच्या अध्यात ना मध्यात, एखादे लांबट, बुटके जहाज संथपणे समुद्राकडे निघालेले असते. ते पाण्यात इतके खोल बसलेले असते की आता बुडते की काय, असे नवख्याला वाटावे! पोटात लाल-तपकिरी मातीचे ढिगारे, मागच्या टोकाला दोन-तीन खोल्यांचे घर आणि त्यावर सुकाणूची केबिन. ही गोव्याची बार्ज. गोव्याची सहल करून आलेल्या शंभर जणांनी ती पाहिलेली असते. पण तिच्याविषयी चौकशी केलेली असते ती एखाद्यानेच.

ती लाल माती म्हणजे लोहखनिज. डिचोली, सत्तरी, सांगे या अंतर्भागातल्या तालुक्यांत खाणी आणि पश्चिमेला मुरगावचे बंदर, अशी गोव्याची रचना आहे. मधल्या वाटेसाठी निसर्गानेच दोन रस्ते देऊन ठेवले आहेत, उत्तरेला मांडवी आणि दक्षिणेला जुवारी. १९४० च्या दशकाच्या अखेरीस येथून खनिजाची निर्यात सुरू झाली, पुढे जपान मोठा ग्राहक झाला आणि या दोन नद्या खनिजाचे राजमार्ग बनल्या. खाणीपासून नदीकाठच्या धक्क्यापर्यंत ट्रक आणि तिथून बंदरापर्यंत बार्ज, अशी ही साखळी. दहा टनांचा एक ट्रक धरला, तर दोन हजार टनांची एक बार्ज दोनशे ट्रकांचा माल एका खेपेत नेते. हे दोनशे ट्रक बंदरापर्यंत रस्त्याने गेले असते, तर पणजी-वास्कोच्या वाहतुकीचे काय झाले असते याची कल्पनाच केलेली बरी!

भरतीचे घड्याळ

बार्जवरचा दिवस सूर्याबरोबर उगवत नाही, तो भरतीबरोबर उगवतो. मांडवीत समुद्राची भरती-ओहोटी मुखापासून सुमारे पन्नास किलोमीटर आतपर्यंत जाणवते. भरलेल्या बार्जला साधारण तीन मीटर खोल पाणी लागते आणि वरच्या अंगाला नदी उथळ असते. त्यामुळे उसगाव, आमोणे, सुर्ला किंवा जुवारीवरच्या सावर्डे-कुडचडे भागातल्या धक्क्यांवर माल भरला, तरी पाणी चढेपर्यंत थांबावेच लागते. भरतीची वेळ रोज पाऊण-एक तासाने पुढे सरकते. म्हणजे आज दुपारी सुटलेली बार्ज आठवड्याभराने रात्री सुटणार. झोप, जेवण, अंघोळ सारे त्या हिशेबाने. वेळ चुकली आणि तळ गाळात रुतला, तर पुढच्या भरतीपर्यंत बसून राहण्याखेरीज उपाय नसतो.

माल भरणे हेही कौशल्याचेच काम. लोहखनिज अतिशय जड. पोट पुरते भरलेले दिसतही नाही आणि बार्ज काठोकाठ पाण्यात गेलेली असते. ढीग एका बाजूला जास्त पडला, तर बार्ज कलते. म्हणून बाहेरच्या अंगावर रंगवलेल्या खोलीच्या खुणांवर खलाशाची नजर सारखी असते.

सुकाणूवर मास्टर किंवा सरंग, इंजिनावर ड्रायव्हर, दोर-नांगर सांभाळणारे खलाशी आणि स्वयंपाकाला भंडारी, असा हा छोटा संसार. यात गोव्याच्या माणसांबरोबर कोकण किनाऱ्यावरचेही अनेकजण असतात. घर किनाऱ्यावर दिसत असले, तरी पाय जमिनीला लागेलच असे नाही. मुरगावला पोचल्यावर पुन्हा रांग. बंदरात खनिज हाताळणारी यांत्रिक व्यवस्था १९७९ मध्ये सुरू झाली. शिवाय खोल पाण्यात उभ्या असलेल्या मोठ्या जहाजांतही माल चढवला जातो. सत्तर हजार टनांचे एक जहाज भरायला दोन हजार टनांच्या बार्जच्या पस्तीस खेपा लागतात. रिकामी झालेली बार्ज पाण्यावर उंच उठते आणि पुन्हा नदीची वाट धरते.

पावसाळ्यातली आडवाट

पावसाळ्यात मांडवीच्या मुखाशी, आग्वादजवळ, वाळूचा दांडा आणि खवळलेल्या लाटा वाट अडवतात. मग मांडवीवरच्या बार्जेस कुंभारजुवे कालव्यात शिरतात. मांडवी आणि जुवारीला जोडणारा हा सतरा किलोमीटरचा अरुंद जलमार्ग. दोन्ही बाजूंना खारफुटी आणि चिखलात पहुडलेल्या मगरी! समोरून दुसरी बार्ज आली, तर मास्टरची खरी परीक्षा. येथून जुवारीत उतरले की मुरगाव बंदर गाठता येते. याच दिवसांत खाणींत पाणी भरते, माल कमी होतो आणि पुष्कळशा बार्जेस दुरुस्तीसाठी काठावर चढवतात. तळाला चिकटलेली कालवे खरवडायची, गंजलेला पत्रा बदलायचा, रंग द्यायचा. मांडवी, जुवारी आणि हा कालवा या तिघांनाही २०१६ च्या कायद्याने राष्ट्रीय जलमार्गांचा दर्जा मिळाला.

इंजिने थांबली तेव्हा

पण ज्या भरतीचे वेळापत्रक मिळत नाही, अशीही एक भरती-ओहोटी बार्जवाल्यांच्या वाट्याला आली. चीनच्या मागणीमुळे २०१०-११ मध्ये गोव्यातून पाच कोटी टनांहून अधिक खनिज बाहेर गेले. बँकांची कर्जे काढून अनेक कुटुंबांनी बार्जेस घेतल्या. त्यानंतर सप्टेंबर २०१२ मध्ये बेकायदा उत्खननाच्या प्रश्नावर खाणी थांबल्या आणि ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही बंदी घातली. २०१४ च्या निकालाने वर्षाला दोन कोटी टनांची मर्यादा घालून वाट मोकळी केली, २०१५ मध्ये काम पुन्हा सुरू झाले. पण फेब्रुवारी २०१८ मध्ये न्यायालयाने ८८ खाणपट्ट्यांचे नूतनीकरण रद्द केले आणि मार्चच्या मध्यापासून उत्खनन पुन्हा बंद पडले.

उभी बार्ज ही उभ्या ट्रकसारखी नसते. ती पाण्यात असते, म्हणून गंजत असते. राखण करायला माणूस लागतोच, दोर-नांगर तपासावे लागतातच आणि बँकेचा हप्ता काही थांबत नाही. सरकारने कर्जात सवलती देणाऱ्या योजना आणल्या. तरीही कित्येक बार्जेस भंगारात गेल्या आणि वर्षानुवर्षे नदीची नस ओळखणारी माणसे दुसऱ्या कामाच्या शोधात पांगली.

दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. खाणींच्या परिसरातल्या गावांनी लाल गाळाने भरलेली भातशेती, आटलेल्या विहिरी आणि ट्रकांच्या धुळीने माखलेली घरे पाहिली आहेत. बार्ज थांबली तेव्हा एका घरातली चूल मंदावली आणि दुसऱ्या घराच्या अंगणातली धूळ बसली. दोन्ही घरे गोव्याचीच! मर्यादेत खणले असते, तर एवढी वेळ आली नसती, ही हळहळ त्यामुळेच वाटते. नदी वाहून नेईल तेवढे सगळेच डोंगरातून काढायचे नसते, हा धडा महाग पडला.

डिसेंबर २०२२ पासून खाणपट्ट्यांचे लिलाव सुरू झाले आणि २०२४ मध्ये डिचोलीच्या पट्ट्यात पुन्हा उत्खनन सुरू झाले. पूर्वीची वर्दळ मात्र परतलेली नाही.

पाहायचे असेल तर

पुढच्या गोवा भेटीत एक सकाळ या नद्यांसाठी राखून ठेवा. जुन्या गोव्याच्या चर्च पाहून झाल्या की व्हाइसरॉयच्या कमानीखालून धक्क्यावर उतरा आणि फेरीबोटीने दिवाडी बेटावर जाऊन या. रायबंदरहून चोडणला जाणारी फेरीही तशीच. तिथे सलीम अली पक्षी अभयारण्य आहे. फोंड्याच्या रस्त्यावर बाणस्तारीच्या पुलाखाली कुंभारजुवे कालवा दिसतो. दोना पावलावरून पलीकडे मुरगाव बंदर आणि नांगरलेली जहाजे दिसतात. मुलांना बरोबर न्या आणि पाण्यात एखादी बार्ज दिसलीच, तर ती भरलेली आहे की रिकामी, हे तिच्या उंचीवरून त्यांना ओळखायला सांगा. भूगोलाच्या पुस्तकातले ‘जलवाहतूक’ हे प्रकरण त्यांना पुन्हा पाठ करावे लागणार नाही.