नवीन ३

बाबा गेल्यानंतर काकांशी विहिरीच्या वाट्याचं बोलणं निघालं. आई ठाम होती. "आठ आणे आपले. त्यांनी कॉम्प्युटरवर लिहून ठेवलंय." म्हणजे मागच्या खोलीतला जुना डेस्कटॉप. डी ड्राइव्हवर 'नवीन', 'नवीन २', 'पत्र फायनल' असल्या नावांच्या शेकडो वर्ड फाइल्स.

सर्चमध्ये 'विहीर' टाकलं. काही नाही. तेव्हा मी निवांत होतो. विंडोज आपणहून यूजर फोल्डरसारख्या ठरावीक जागांचाच इंडेक्स करतं, बाकी ठिकाणी फाइलची नावं तेवढी चाळतं. मी डी ड्राइव्ह इंडेक्समध्ये घातला. पुस्तकाच्या शेवटी शब्दसूची असते ना, तसंच हे. कुठला शब्द कुठल्या फाइलमध्ये आहे ते एकदा लिहून ठेवायचं, म्हणजे शोधताना फाइल्स उघडाव्या लागत नाहीत. त्या मशीनला रात्र लागली.

सकाळी पुन्हा 'विहीर'. शून्य.

एक फाइल उघडली आणि डोक्यात उजेड पडला. कृतिदेव! बाबा मराठी टायपिंगची परीक्षा पास झालेले क्लार्क. या फाँटमध्ये पडद्यावर मराठी दिसतं, पण फाइलमध्ये साठतात इंग्रजी अक्षरं. त्यांची विहीर म्हणजे 'एफ ओ जी एच जे'. पहिली वेलांटी व-च्या आधी, कारण टाइपरायटरवर ती आधीच मारायची.

ते टाकल्यावर दोन फाइल्स आल्या, दोन्ही कर्जाचे अर्ज. मग आठवलं, 'विहिरीचा' लिहिताना वेलांट्या बदलतात, आणि इंडेक्सला आपलं व्याकरण कुठलं ठाऊक? 'एफ ओ एफ जी जे एच पी के'. 'नवीन ३' वर आली. (नशीब, शब्दात ख नव्हता. कृतिदेवचा ख चौकटी कंसाने सुरू होतो, आणि असल्या चिन्हापाशी इंडेक्स शब्द तोडून टाकतो.)

काकांना लिहिलेलं, कधीच न दिलेलं पत्र. खोलीकरणाचा सगळा खर्च तू केलास, तेव्हा विहिरीचा दहा आण्यांचा वाटा तुझा.

मी बराच वेळ तसाच बसून राहिलो. ही फाइल माझ्याशिवाय घरात कोणालाच सापडणार नव्हती.

संध्याकाळी आईला वाचून दाखवलं. तिने फक्त साल विचारलं. फाइलवरचं साल मी सांगितलं.

"माझं ऑपरेशन झालं ते वर्ष," ती म्हणाली. "आपल्याकडे कुठले पैसे असणार?"

मग तिने फोन मागितला. "काकांना लाव. आणि ते पत्र छापून आण."