देवगिरीचे ताल, पॅरिसचा ऑर्गन

पॅरिस, रविवार

ती. नानांना सा. न.

आज सकाळी त्रिनिते चर्चमध्ये प्रार्थनेला जाऊन बसले. इथला मोठा ऑर्गन दाराच्या वर सज्जात आहे. वादकाला पाहायचं तर वेदीकडे पाठच करावी लागते. संगीतकार ऑलिव्हिए मेस्याँ १९३१ मध्ये, बाविसाव्या वर्षी, या सज्जात रुजू झाले आणि १९९२ मध्ये वारले तोवर इथलेच वादक राहिले. जगभर नाव झालं, बुलेझसारखे शिष्य घडले, पण चर्चची चाकरी सोडली नाही. याचं मला फार अप्रूप वाटतं.

काम सोपं नव्हे. हात तीन मजली पट्ट्यांवर, पाय खालच्या पट्ट्यांवर, आणि पाद्री तयार झाले की रंगलेली उपज तिथेच आवरती घ्यायची. साथीला बसणाऱ्याची ही तारेवरची कसरत तुम्हाला काय सांगायची! मेस्याँ आयत्या वेळी जे वाजवत, त्यातूनच १९५० ची पेंटेकोस्टच्या सणाची रचना झाली. काही भाविकांना ते सूर कर्कश वाटत, तक्रारी होत.

आणि नाना, विद्यार्थिदशेत त्यांना एका फ्रेंच संगीतकोशात 'संगीतरत्नाकरा'तल्या १२० देशी तालांची यादी मिळाली. त्या ग्रंथाचे कर्ते म्हणजे आपल्या देवगिरीचे, सिंघण यादवाच्या पदरचे शार्ङ्गदेव! तो ठेवा मेस्याँनी जन्मभर वापरला. पुढचं जर्मनीतल्या ग्योर्लिट्सहून लिहिते.

ग्योर्लिट्स, गुरुवार

नाना, नायसे नदीचा पूल ओलांडला की पोलंड. तिथे गावाबाहेर महायुद्धातली कैद्यांची छावणी होती. १९४० मध्ये जर्मनांनी पकडलेले मेस्याँ त्या छावणीत आले. व्हायोलिन, क्लॅरिनेट आणि चेलो वाजवणारे तीन कैदी भेटले, पियानोला ते स्वतः बसले. १५ जानेवारी १९४१ ला, कडाक्याच्या थंडीत, कैदी आणि पहारेकरी यांच्यासमोर त्यांचं 'काळाच्या अंतासाठी' हे चतुष्क पहिल्यांदा वाजलं.

त्याच्या पहिल्याच भागात पियानो रागवर्धन, चंद्रकला आणि लक्ष्मीश हे तीन देशी ताल जोडून केलेलं आवर्तन घोळवत राहतो. त्यात लहानमोठे १७ कालखंड आहेत. त्यावर बसवलेल्या स्वरसंगती मात्र २९. त्यामुळे दर आवर्तनाला लय एकीकडे आणि स्वर दुसरीकडे सरकतात, आणि तो भाग संपतो तरी दोघांची सम पडत नाही! मी हेडफोन लावून, मांडीवर बोटं आपटत मोजत बसले होते.

यादवांच्या दरबारातले ताल कैद्यांच्या बराकीत वाजले, आणि आपल्याकडे शार्ङ्गदेव परीक्षेच्या टिपणांपुरते उरले, याचं वाईट वाटतं. तुमच्या कपाटातला 'संगीतरत्नाकर' काढा, पाचव्या अध्यायातले हे तीन ताल हातावर बसवून ठेवा. मी आले की रेकॉर्डिंग लावू. तुम्ही ताल धरा, मी स्वर मोजते.

तुमची,
सुमा