जुई-साकेत, तुम्हाला शेजार हवा

प्रिय जुई आणि साकेत,

'आणि काय हवं?' ही वेबमालिका २०१९ साली एमएक्स प्लेअरवर आली आणि तुम्ही आमच्या घरचे झालात. लेखक वरुण नार्वेकरांनी तुमच्या वाटेत ना खलनायक आणला, ना सासू-नणंदेचं कारस्थान. पहिलं घर, पहिली गाडी, पहिला सण एवढ्यावर संसार उभा राहिला. तुम्हाला साकारणारे प्रिया बापट आणि उमेश कामत २०११पासून खरोखरचे नवरा-बायको, म्हणून तो खरा वाटतो, असं लोक म्हणतात. मला त्याचं श्रेय लेखनालाही द्यावंसं वाटतं. रुसवा कुठे ताणायचा आणि कुठे सोडायचा, याची जाण त्यात आहे.

तरी एक मागणं आहे. पडद्यावर बहुतेक वेळ तुम्ही दोघंच असता. सई परांजपे यांच्या 'कथा' या चित्रपटात (१९८३) राजाराम, संध्या आणि बाशू यांच्यात जे घडतं, ते अख्ख्या चाळीच्या डोळ्यांदेखत. चाळ काढली तर गोष्टच उरत नाही. चाळीच्या जागी आलेल्या फ्लॅटनं जोडप्यांना एकांत दिला. एका खोलीत सासू-सासरे, दीर, नणंदांसह संसार केलेल्या बायकांना विचारा, तो केवढा मोलाचा आहे!

पण बंद दाराआडही बिल्डिंग असतेच. वरच्या बाथरूमची गळती सुरू होते, ओल बेडरूमच्या भिंतीवर पसरते. वर जाऊन बोलायचं कोणी? ती म्हणते, तू जा; तो म्हणतो, कमिटीला पत्र देऊ. त्या ओलीपायी दोघांचा अबोला होतो. मग एका संध्याकाळी दोघं मिळून वरची बेल वाजवतात, दार उघडतं, आणि आतल्या जोडप्याचंही कशावरून तरी बिनसलेलं असतं. यात एक अख्खा भाग आहे. भाड्यानं घर शोधणाऱ्या अविवाहित जोडप्याला सेक्रेटरी लग्नाचा दाखला मागतो, त्यातही आहे. आणि तो लिहायला धैर्य लागेल.

तुमचं तिसरं पर्व २०२१मध्ये आलं. त्याआधीच्या कोविडच्या टाळेबंदीत कितीतरी सोसायट्यांनी एकत्र भाजी मागवली, आजारी घरांच्या दाराशी डबे ठेवले. वर्षानुवर्षं लिफ्टमध्ये नुसती मान हलवणारी माणसं तेव्हा एकमेकांना नावानं ओळखू लागली.

वरुणजी, पुढचं पर्व लिहायला घ्याल तेव्हा या दोघांना शेजार द्या. त्यांच्या भांडणाचा आवाज भिंतीपलीकडे जाऊ द्या, आणि तो ऐकणाऱ्यांचीही गोष्ट सांगा.

तुमची एक प्रेक्षक