तरवडे वस्तीच्या वाटेवर

पुण्याहून सोलापूरकडे जाणारा रस्ता हडपसरच्या गाडीतळाशी येऊन गर्दीत अडकतो. उसाच्या मळ्यांच्या जागी मगरपट्ट्याच्या इमारती उभ्या राहिल्या, तरी भाजीचे टेम्पो आणि शाळा सुटल्यावरची दप्तरांची रीघ ही हडपसरची जुनी ओळख टिकून आहे. तेथून महंमदवाडीच्या बाजूस वळले, की तरवडे वस्तीत एच. व्ही. देसाई नेत्र रुग्णालय लागते. ते चालविणारी पूना ब्लाइंड मेन्स असोसिएशन १९५२ सालची. अंधांसाठी उभ्या राहिलेल्या संस्थेने इतरांची दृष्टी राखण्याचेही काम अंगावर घ्यावे, यात मोठे औचित्य आहे.

या वाटेने मुलास घेऊन जाणाऱ्या पालकांनी एक गोष्ट ध्यानी धरावी. ‘मला दिसत नाही’ असे मूल क्वचितच म्हणते. कारण इतरांना किती स्पष्ट दिसते, हे त्याला ठाऊकच नसते. धूसर फळा हाच त्याच्या लेखी फळा. ते शेजाऱ्याच्या वहीतून उतरवून घेते, ओळी गाळते, डोळे बारीक करते, पुढे कंटाळून खोड्या काढते. आणि आपण ‘अभ्यासात लक्ष नाही’ असे म्हणून मोकळे होतो. प्रगतिपुस्तकातील असा शेरा कित्येकदा चष्म्याच्या नंबराचा असतो!

याहून फसवा तो आळशी डोळा. एका डोळ्याचा नंबर बराच अधिक असला, तर मेंदू त्याच्याकडून येणारे चित्र हळूहळू नाकारू लागतो. दुसऱ्या डोळ्यावर वाचन सुरळीत चालते, म्हणून शाळेत कोणाच्या काही लक्षात येत नाही. सात-आठ वर्षांच्या आत चष्मा, आणि डॉक्टर सांगतील तितके तास चांगल्या डोळ्यावर पट्टी, एवढ्याने बहुधा दृष्टी सुधारते. वय वाढते तसा उपचाराचा गुण उणावत जातो.

शंका आल्यास गाडीतळावर बसची वाट पाहतानाच मुलाचा एकेक डोळा तळहाताने झाकून दूरच्या बसवरील क्रमांक वाचायला सांगावा. दोन डोळ्यांची उत्तरे वेगळी आली, तर तपासणी लांबवू नये. उत्तरे सारखी आली तरी शाळेत घालण्यापूर्वी एकदा डोळे तपासून घेतलेले बरे.

तपासणीच्या वेळी बाहुली मोठी करणारे थेंब घालतात. त्यानंतर काही तास जवळचे धूसर दिसते आणि ऊन डोळ्यांना टोचते. म्हणून टोपी बरोबर न्यावी, आणि त्या दिवसाचा गृहपाठ माफ करावा.