माझे साचे

आमच्या वडिलांनी चहा मागितला तरी शेजाऱ्यांना भांडण लागले आहे असे वाटे. परळच्या आमच्या चाळीत नवे बिऱ्हाड आले की पहिल्या आठवड्यात कुणीतरी दाराशी डोकावून जाईच. दोष स्वभावाचा नव्हता. गिरणीतल्या साचेखात्याचा होता. मागाला गिरणगावात साचा म्हणत. शेकडो साचे एकदम धडधडत असता कानाशी ओरडलेलेही ऐकू येत नसे. तिथली माणसे ओठांच्या हालचालींवरून बोलणे ओळखीत. आई लांबून नुसती पुटपुटली, तरी वडील बसल्या जागेवरून उत्तर देत!

गिरणी शेटजींची, सूत शेटजींचे, कापडही शेटजींचे. तरी वडील म्हणत, ‘माझे साचे’. दोन होते. कोकणात भातलावणीच्या चिखलात उभे असतानाही त्यांना चिंता, बदलीवाल्याने त्यांचे काय केले असेल! लहानपणी मला वाटे, ते साचे पुढे मलाच मिळायचे.

या ‘माझे’ला दुसरीही बाजू होती. धोट्यात नवी कांडी घातली की सुताचे टोक छिद्रातून तोंडाने ओढून घ्यावे लागे. त्या धोट्याला अस्पृश्य मानलेल्यांचे ओठ लागू नयेत, म्हणून सवर्ण विणकर त्यांना साचेखात्यात येऊच देत नसत. 1928 च्या संपाच्या वेळी डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न पुढे आणला. माझे आजोबा तेव्हा साच्यावरच होते. घरात हे कुणी सांगितले नाही. मला पुस्तकात वाचावे लागले. मी वडिलांना विचारले. ते माझ्या ओठांकडेच पाहत होते, त्यामुळे ऐकू आले नाही म्हणायची सोय नव्हती. ते उठून गॅलरीत गेले.

18 जानेवारी 1982 ला संप सुरू झाला. दत्ता सामंतांच्या शब्दावर सुमारे अडीच लाख माणसे बाहेर पडली, आणि तो संप रीतसर मागे असा कधी घेतलाच गेला नाही. वडिलांची गिरणी पुढे रडतखडत चालली, मग बंद पडली. साचे भंगारात निघाले त्या दिवशी ते फाटकाबाहेर उभे होते. मोडलेले लोखंड वजनावर ट्रकमध्ये चढत होते. त्यात आपले दोन त्यांना ओळखता आले की नाही, हे त्यांनी सांगितले नाही.

पुढे काही वर्षांनी, एका जुन्या गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या चकचकीत दुकानात मी त्यांना सदरा घ्यायला नेले. त्यांनी कापड चिमटीत धरले, उजेडासमोर नेले आणि तिथल्या मुलीला विचारले, “कुठल्या मिलचं?”

तिने कंपनीचे नाव सांगितले.

“कंपनी नको गं, मिल सांग!”

सगळे दुकान वळून पाहू लागले. ती ओशाळून काहीतरी म्हणाली. तिथे वाजणाऱ्या गाण्यात मला ते ऐकू आले नाही.

वडिलांनीच सांगितले, “तिला ठाऊक नाही म्हणते.”