एक्कावन्नचे डॉन्स

अंगानं आडदांड, स्वभावानं अबोल आणि खिशानं फाटका असा हा गडी होता. सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाचा १९५१ सालचा फुटबॉल संघ. टोपणनाव डॉन्स. फुटबॉल अमेरिकी धाटणीचा: लंबगोल चेंडू छातीशी कवटाळून पळत सुटायचं आणि समोरच्यांनी झेपावून आडवं करायचं. अशा खेळात मऊ माणसाचं काम नसतं, आणि या गड्यात मऊ काही नव्हतंच.

घर जेझुइट पाद्र्यांचं. विद्यापीठ लहान, फुटबॉलचा खर्च मोठा, तोटा वाढत चाललेला. घरचे सामने शहराच्या केझार स्टेडियमवर व्हायचे. प्रशिक्षक जो कुहॅरिच शिस्तीचा कर्दनकाळ. हंगामाआधी त्यानं पोरांना कॅलिफोर्नियातल्या कॉर्निंगच्या रणरणत्या उन्हात नेऊन असं पिळून काढलं, की नंतरचे सामने त्यांना सुट्टीसारखे वाटले असतील.

या गड्याचे हातपाय म्हणजे जिनो मार्केटी, जो कोवळ्या वयात दुसऱ्या महायुद्धात आर्देनच्या बर्फात लढून आला होता. बॉब सेंट क्लेअर, उंची सहा फूट नऊ इंच आणि मांस कच्चंच खायची सवय. चेंडू फेकणारा एड ब्राउन. मेंफिसहून आलेला बर्ल टोलर, ज्याच्या धडकेपुढे टिकणं अवघड. आणि टेक्सासात जन्मलेला ऑली मॅटसन, ज्याला पळताना धरणं त्याहून अवघड. त्या हंगामात मॅटसन १,५६६ यार्ड पळाला. देशातल्या कुठल्याही महाविद्यालयीन खेळाडूपेक्षा जास्त. टोलर आणि मॅटसन कृष्णवर्णीय होते. संघात याची चर्चा होत नसे, बाहेर मात्र होणार होती.

सॅन होजे स्टेटला या गड्यानं एकाच हंगामात दोनदा लोळवलं, ३९-२ आणि ४२-७. आयडाहो, सांता क्लारा, नौदलाची आणि मरीन दलाची पथकं, सगळी गेली. घाम फुटला तो एकदाच, न्यूयॉर्कमध्ये फोर्डहॅमविरुद्ध. तिथे मॅटसननं प्रतिस्पर्ध्यांनी लाथाडलेला चेंडू झेलून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत धाव घेतली, आणि तीही दोनदा. सामना ३२-२६ असा सुटला. त्याची दवंडी पिटायला संघाकडे एक तरुण प्रसिद्धी अधिकारी होता, पीट रोझेल. वर्तमानपत्रांच्या मागे लागून तो या गरीब संघाचं नाव छापून आणायचा.

नोव्हेंबरात स्टॉकटनला कॉलेज ऑफ द पॅसिफिकला त्यांनी ४७-१४ असं धुऊन काढलं, मग पॅसडीनाच्या रोझ बाऊल मैदानावर लोयोलाला २०-२. नऊ सामने, नऊ विजय.

हंगाम संपला की नामवंत संघांना 'बाऊल' सामन्यांची आमंत्रणं येतात. तिथे मान असतो आणि पैसाही. या गड्याला दोन्हींची गरज होती. दक्षिणेकडच्या आयोजकांचा रोख असा, की तुम्ही या, पण तुमचे दोन काळे खेळाडू घरी ठेवून या. त्या काळी यात अनेकांना वावगं वाटत नसे. उत्तरेतले कितीतरी संघ दक्षिणेत खेळायला जाताना आपले कृष्णवर्णीय खेळाडू मुकाट मागे ठेवत, आणि या व्यवहाराला सभ्य लोकांमधला समझोता म्हणत. कुहॅरिचनं गोष्ट पोरांपुढे ठेवली. मतदान झालं नाही, त्याची गरजच पडली नाही, असं त्यातले खेळाडू पुढे आयुष्यभर सांगत राहिले. जायचं तर सगळ्यांनी, नाहीतर कुणीच नाही.

मला या नकारात सगळ्यात मोलाचं वाटतं ते त्याचं साधेपण. भाषण नाही, पत्रक नाही. ज्यांच्यासोबत कॉर्निंगच्या धुळीत लोळलो, त्यातल्या दोघांना वगळून खेळणं या गड्याला जमण्यासारखंच नव्हतं. आणि याची किंमत कागदावरची नव्हती. ज्या पॅसिफिकला त्यांनी तेहतीस गुणांनी हरवलं, तो संघ सन बाऊल खेळायला गेला. डॉन्स घरी बसले. आणि थोड्याच दिवसांत तोट्याचं कारण देऊन विद्यापीठानं फुटबॉलच बंद केला. बाऊलच्या पैशानं तो वाचला असता का, हे आता कोण सांगणार? पण वाचवण्याची ती एक वाट होती आणि ती त्यांनी डोळे उघडे ठेवून सोडली.

गडी गेला, हातपाय मात्र थांबले नाहीत. मार्केटी, मॅटसन आणि सेंट क्लेअर तिघेही व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये पोचले. एका महाविद्यालयाच्या एकाच संघातून तिघे, ही साधी गोष्ट नाही. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये मॅटसननं ४०० मीटरमध्ये ब्राँझ आणि रिलेत रौप्य मिळवलं. वर्गणी गोळा करून तिथवर पोचलेल्या आपल्या खाशाबा जाधवांनी कुस्तीतलं ब्राँझ जिंकलं ते याच ऑलिंपिकमध्ये.

टोलरचा गुडघा त्याच वर्षी एका प्रदर्शनी सामन्यात गेला आणि खेळाडू म्हणून तो संपला. तो शिक्षक झाला, पुढे सॅन फ्रान्सिस्कोत मुख्याध्यापक. १९६५ मध्ये एनएफएल या व्यावसायिक फुटबॉल लीगनं त्याला पंच नेमलं, आणि त्या लीगमधला तो पहिला कृष्णवर्णीय पंच ठरला. लीगचा आयुक्त तेव्हा पीट रोझेल होता, तोच, दवंडी पिटणारा. जानेवारी १९८० मध्ये सुपर बाऊल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, पॅसडीनाच्या रोझ बाऊलवर झाला. अठ्ठावीस वर्षांपूर्वी डॉन्सनी आपला शेवटचा सामना जिंकला ते हेच मैदान. टोलर पंच म्हणून आत उभा होता आणि रोझेल अजून आयुक्त होता. कागदोपत्री तो सामना पिट्सबर्ग आणि लॉस एंजेलिस यांच्यातला. माझ्या लेखी त्या दिवशी तिथे तिसराही एक संघ हजर होता.