माहितीपटातलं काव्य: एक पत्र

शिरूर

प्रिय मित्रा,

दौंडच्या गुऱ्हाळांवरच्या तुझ्या माहितीपटाचं निवेदन वाचलं. उतारा, भाव, मजुरी सगळं त्यात आहे. फक्त गूळ कसा होतो ते कळत नाही. तू लिहितोस, ‘काव्यात्म काही नको, विषय कष्टाचा आहे.’ मला वाटतं, काव्य हीसुद्धा पुरावा मांडायची एक रीत आहे आणि या विषयाला ती टाळून चालणार नाही. काहिलीतला रस उकळतो, भेंडीच्या चिकाने मळी वर येते, ती काढत राहायची. फेसाचं रूप पालटलं की थोडा पाक पाण्यात टाकून गोळी वळते का पाहायची. काहील उतरवायची नेमकी वेळ गुळव्याच्या नजरेत आणि बोटांत असते. निवेदक म्हणेल, ‘यासाठी अनुभव लागतो.’ हे झालं विधान. कॅमेरा फेसावर पुरेसा थांबला आणि उकळीचा बदलता आवाज ऐकू आला, तर प्रेक्षक स्वतः अंदाज बांधू लागेल, चुकेल, आणि गुळव्याचं कसब त्याला पटेल.

अरुण खोपकरांचं काम या दृष्टीने पाहा. मणि कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये (1971) कालिदास झालेल्या या दिग्दर्शकाने पुढे चित्रकला आणि नृत्यावर माहितीपट केले. ‘नारायण गंगाराम सुर्वे’मध्ये (2002) मात्र विषय होता गिरणी कामगाराने उचलून वाढवलेला आणि पुढे कवी झालेला अनाथ मुलगा. त्या बालपणाचं चित्रीकरण कुठून आणणार? खोपकरांनी अभिनयाचा आधार घेतला. सुर्व्यांच्या भूमिकेत किशोर कदम, म्हणजे स्वतः कवी असलेला नट, उभा केला. तू म्हणशील, हा बनाव झाला. पण दौंडसारख्या रेल्वेच्या गावाला शोभेल असा ‘नाइट मेल’ (1936) आठव. कवी ऑडेनची कविता आणि संगीतकार ब्रिटन यांचं संगीत असलेल्या त्या ब्रिटिश माहितीपटात टपाल वेगळं करायचा डबा स्टुडिओत उभारला होता. गाडीचे हेलकावे खोटे, पण काम करणारे टपाल कर्मचारी खरे. बनाव खऱ्या कामाला बांधलेला असेल, तर तो सत्याच्या आड येत नाही.

दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे: देखण्या चित्रात शोषण झाकलं जातं. खरंच जातं, पण देखणेपण म्हणजे काव्य नव्हे. चुलवणाच्या धगीपुढची पाळी लांबते तसं दृश्यही लांबलं, तर कष्ट अंगावर येतात. उचल आणि मजुरीचा हिशेब मात्र चित्रात दिसत नाही. तिथे आकडे स्पष्ट सांगायलाच हवेत. राहिला गावच्या प्रेक्षकाला हे कळेल का, हा प्रश्न. कीर्तनात अभंगावरून आख्यानावर आणि पुन्हा अभंगावर जाणारी मांडणी जो सहज धरतो, त्याला प्रत्येक चित्राखाली खुलासा कशाला? पण म्हणून सगळं निवेदन फेकू नकोस. जे डोळ्यांना दिसतं, कानांना कळतं, ते त्यातून खोड. उरेल तेवढंच बोलावं.

तुझा स्नेही